प्रतिवादीचा उजवा कान

दार ढकलून प्रतिवादी आत आला तेव्हा ती आधीच्या पेशंटचे हेडफोन स्पिरिटच्या बोळ्याने पुसत होती, आणि तिच्या मनात पहिल्यांदा आलं ते हे, की हा माणूस इतका बुटका कसा. इतकी वर्षं ज्याला तोंडी लावल्याशिवाय घरात जेवण खाली उतरत नव्हतं, तो निदान दाराएवढा तरी असायला हवा होता. हा तर सदऱ्याची गळ्याची गुंडीसुद्धा लावलेला, टोपी हातात घेऊन उभा असलेला एक म्हातारा होता. खुर्ची कुठली आपली आणि कुठली डॉक्टरची, याचा अंदाज घेत तो पायपुसण्यावर घुटमळत होता. घरात त्याचं नाव कधी घेतलं जात नसे. कोर्टाच्या कागदांवर अब्बा वादी आणि तो प्रतिवादी, म्हणून जेवणाच्या वेळीही तो प्रतिवादीच. अम्मी वाढता वाढता विचारायची, "काय, आज तुमच्या प्रतिवादीने काय दिवे लावले?" आणि अब्बा घास हातातच ठेवून सुरू व्हायचे. पुढे अम्मी गेली, मग ते विचारायचं काम तिच्याकडे आलं. आता अब्बाही गेले होते आणि विचारण्यासारखं काही उरलं नव्हतं. अशा वेळी तो स्वतःच चालत आला होता, दुपारच्या पहिल्या अपॉइंटमेंटला.

"बसा," ती म्हणाली.

"काय?"

"बसा म्हटलं."

"या बाजूने बोल बेटा, या बाजूने." त्याने उजवा कान पुढे केला. तसं करताना त्याची नजर तिच्या चेहऱ्यावर गेली आणि तिथेच राहिली. "तू मास्तरांची ना? अरे! पण तू तर कारकून आहेस."

"कोण म्हणालं?"

"मास्तरच म्हणायचे. पोरगी दवाखान्यात कारकून आहे, दिवसभर शिक्के मारते."

या खोलीचं भाडं भरताना पहिली दोन वर्षं नाकी नऊ आले होते तेव्हा जामीन म्हणून अब्बांनीच सही केली होती. बाहेरच्या पाटीवर तिचं नाव कोणत्या अक्षरात असावं यावरही त्यांनी वाद घातला होता. ती रोज काय करते हे त्यांना चांगलं ठाऊक होतं: लोकांना काचेच्या पलीकडच्या खोक्यासारख्या खोलीत बसवायचं, कानात बारीक आवाज सोडायचे, ऐकू आला की त्यांनी बटण दाबायचं, आणि कुठे ऐकू येतं, कुठे येत नाही याचा आलेख काढायचा. शिक्के ती मारत नव्हती. ती त्याच्यासमोरच्या कागदावर वय आणि तक्रार लिहू लागली, आणि लिहिताना तिला जाणवलं की आपण पेन फार जोरात दाबतो आहोत.

"त्रास कधीपासून?"

"डावा लहानपणी फुटला तो फुटलाच. उजव्यावर सगळं चालतं. तोही आता म्हातारा झालाय."

"मग इतक्या वर्षांत आला नाहीत?"

"गरज काय होती?" तो अगदी साधेपणाने म्हणाला. "घरात सून ओरडते. मशिदीत जे म्हणतात ते पाठच आहे. प्रश्न फक्त कोर्टाचा होता, तिथे मास्तर सांगायचे. आता ते नाहीत, तर गेल्या तारखेला साहेब काय बोलले ते कळलंच नाही. माझा वकील म्हणाला, नुसती मान हलवा. मी हलवली. नंतर कळलं, साहेबांनी विचारलं होतं की वादीच्या जागी आता कुणी उभं राहणार आहे का."

"मास्तर सांगायचे म्हणजे?"

"म्हणजे सांगायचे. कानात. माझ्या उजव्या हाताला बसायचे ना."

तो हसला, आणि मग दिवाळखोर माणूस जुन्या दुकानाच्या गोष्टी सांगतो तशा आनंदाने सांगत बसला. पहिल्यांदा पिंजऱ्यात उभा राहिला तेव्हा साहेबांनी वय विचारलं, याने सांगितलं, चार मुलगे आणि एक मुलगी. साहेबांनी विचारलं, शिक्षण? याने सांगितलं, वडिलांच्या हयातीतच वाटणी झाली. सगळं कोर्ट हसलं. साहेब चिडले, म्हणाले, हा माणूस चेष्टा करतोय. तेव्हा मागच्या बाकावरून वादी उभा राहिला आणि म्हणाला, "साहेब, जरा मोठ्याने विचारा, पंख्याचा आवाज फार आहे." पुढच्या तारखेला वादी येऊन प्रतिवादीच्या बाकावर बसला. उजवीकडे. आणि साहेब जे जे बोलत ते तोंड पुढे ठेवून, ओठांच्या कोपऱ्यातून, मुलांना वर्गात उत्तरं सांगावीत तसं सांगू लागला. "स्वतःच्या वकिलाला पण कळू दिलं नाही. त्या वकिलाला कळलं असतं तर मला दोन मिनिटांत उभा जाळला असता. ज्याला मोहल्ल्याची गाऱ्हाणी ऐकू येत नाहीत तो मशिदीच्या कमिटीचा कसला अध्यक्ष, कसला सदर, म्हणून. मी विचारलं एकदा, मास्तर, का नाही सांगत? तर म्हणाले, मला तुला मतांवर पाडायचंय, कानावर नाही."

ते वाक्य अब्बांचंच होतं. त्याला अब्बांचा वास होता. आणि ते तिने कधी ऐकलेलं नव्हतं. कोर्टातल्या सगळ्या गोष्टी आपल्याला ठाऊक आहेत, अशी तिची समजूत होती. तीच तर तिची दौलत होती. साहेबांचं चष्मा पुसणं, शिपायाचं नाव पुकारताना शेवटचं अक्षर गिळणं, वकिलांचं एकमेकांना चिमटे काढणं, सगळं अब्बा करून दाखवायचे, आणि ती हसून हसून ताटावर वाकायची. त्या गोष्टींत प्रतिवादी म्हणजे एक बेरकी, घुमा माणूस असे, विचारलं एक तर सांगणार भलतंच. भलतंच का सांगतो हे मात्र अब्बांनी वगळलं होतं. रोज ताटात वाढताना त्यांनी तेवढा एक घास बाजूला काढून ठेवला होता, आणि तो ज्याच्यासाठी ठेवला होता, तोच आता समोर बसून हे सांगत होता.

तिने त्याला काचेपलीकडच्या खोलीत नेलं. जाड दार, भिंतींना राखाडी स्पंज, एक खुर्ची. हेडफोन चढवताना तिची बोटं त्याच्या कानाला लागली. मोठा, पाळीला केस असलेला, गरम कान. इतकी वर्षं अब्बांचे ओठ याच्यापासून वीतभर अंतरावर होते, असं तिच्या मनात आलं आणि तिने हात चटकन मागे घेतला.

"आवाज कितीही बारीक आला तरी बटण दाबायचं. अंदाज करायचा नाही."

"अंदाजावरच आयुष्य गेलं बेटा," तो ओरडून म्हणाला. हेडफोन चढवले की सगळेच ओरडतात.

ती बाहेर येऊन मशीनपुढे बसली. काचेतून तो दिसत होता, बटण दोन्ही हातांत धरून, परीक्षेला बसलेल्या मुलासारखा. तिने डाव्या कानात आवाज सोडला. वाढवला. आणखी वाढवला. तो तसाच बसून. मशीन जितकं देऊ शकतं तितकं दिलं तरी त्याच्या चेहऱ्यावरची माशीसुद्धा हलली नाही. आलेखाच्या तळाशी ती निळ्या फुल्या मारत गेली आणि तिला मयताचा दिवस आठवला. बायका आतल्या खोलीत होत्या, पुरुष बाहेर, आणि बाहेरून एक रडणं येत होतं, उघडं, ओबडधोबड, सगळ्यांच्या वरचं. मावशी पडद्यातून बघून म्हणाली होती, "बघ, प्रतिवादी रडतोय. नाटकी मेला." तिलाही तेच वाटलं होतं. स्वतःला रडू येत नव्हतं आणि हा माणूस गल्लीला ऐकू जाईल असा रडत होता, याचा तिला संताप आला होता. आपला आवाज किती मोठा आहे हे त्याला कळतच नव्हतं, हे आता तिच्यासमोर निळ्या फुल्यांनी लिहून येत होतं. पण त्यामुळे तिला काही बरं वाटलं नाही. नाटक असतं तर बरं झालं असतं.

भांडण होतं मशिदीच्या कमिटीच्या निवडणुकीचं. हाताच्या बोटांवर मोजता येतील इतक्या मतांनी अब्बा पडले, आणि मोहल्ला सोडून गेलेल्यांनीही मतं टाकली असं त्यांचं म्हणणं पडलं. आधी बुजुर्ग मंडळींनी दोघांना बसवून समजूत घातली. ती अंगणापर्यंतसुद्धा टिकली नाही. मग अब्बा कोर्टात गेले. कोर्टाने सांगितलं, निकाल लागेपर्यंत आहे ती कमिटी राहील, दिवाबत्ती, पाणी आणि इमामसाहेबांचा पगार एवढंच बघेल, नवीन काही करणार नाही. त्या 'नवीन काही नाही'मध्ये मशिदीचा वरचा मजला सळया बाहेर काढून तसाच राहिला, दोन इमाम बदलले, तिचं शिक्षण झालं, ठरत आलेलं लग्न मोडलं, अम्मी गेली. तारखेच्या दिवशी अब्बा पहाटेपासून तयारीला लागत. बूट स्वतः चमकवत, काळा कोट झटकत, मनगटाला अत्तराचं बोट लावत. "नवरदेव निघाले," अम्मी म्हणायची. "कोर्टात सवत बसलीये माझी. तारीख म्हणतात तिला." सगळे हसत, अब्बाही. तिच्या शाळेच्या बक्षीस समारंभाला ते आले होते तेव्हा त्यांच्या पायांत चपला होत्या, आणि ते मागे उभे राहून निघून गेले होते. तेव्हा तिला त्याचं काही वाटलं नव्हतं. हेवा करायलाही समोर माणूस लागतो. तारखेचा कोण हेवा करणार?

आता माणूस होता. काचेपलीकडे. उजव्या कानात तिने सोडलेल्या आवाजाला तो बटण दाबत होता, दाबताना दरवेळी किंचित हसत होता. ऐकू आला की आवाज दहा पायऱ्या खाली, नाही ऐकू आला तर पाच वर. हे तिच्या हाताला इतकं सरावाचं होतं की मन मोकळं राहायचं, आणि आज ते मोकळं मन सरळ मशिदीच्या फरशीवर जाऊन उभं राहिलं. लहानपणी अब्बा तिला सोबत नेत. त्यांच्या शेजारी, रांगेत, ती उभी राहायची; तिचं डोकं त्यांच्या कोटाच्या खिशाला लागायचं आणि वाकताना खिशातल्या किल्ल्या वाजायच्या. खांद्याला खांदा लावायचा, मध्ये फट ठेवायची नाही, असं ते सांगायचे, आणि तिचा खांदा त्यांच्या गुडघ्याजवळ होता म्हणून ती गुडघ्याला टेकून उभी राहायची. मग एके वर्षी सांगितलं गेलं की आता मोठी झालीस, घरी पढत जा. जागा कुणाची तरी झाली असणारच. फट ठेवायची नसते.

तिने दार उघडून हेडफोन एका कानावरून बाजूला केला. पुढच्या तपासणीआधी दोन मिनिटं पेशंटला मोकळं सोडावं लागतं.

"नमाजलाही शेजारी उभे राहायचात?" तिने उजव्या बाजूने विचारलं. विचारायचं नव्हतं.

"मग? मी उभा राहिलो की ते माझ्या उजवीकडे. कोर्टात भांडण, रांगेत काय भांडण? लोक हसायचे. म्हणायचे, वादी-प्रतिवादीची जोडी आली." त्याने बटण मांडीवर ठेवलं. "शेवटी शेवटी उठताना त्यांना दम लागायचा. सिजद्यातून, कपाळ जमिनीला टेकवून उठताना. इथे कळायचं." त्याने आपल्या उजव्या खांद्यावर हात ठेवला.

"मला सांगितलं नाहीत."

"शपथ घातली होती. म्हणाले, पोरीला कळलं की डॉक्टरांकडे डांबून ठेवेल, आणि तारीख चुकेल."

ती भिंतीच्या स्पंजकडे बघत राहिली. रात्री दोघंच घरात असायची. ती त्यांच्या पलीकडच्या खोलीत झोपायची, जगाचे कान तपासून आलेली, आणि तो दम तिला ऐकू आला नव्हता. तो याच्या खांद्याला कळला होता. अब्बांनी याचा बहिरेपणा तिच्यापासून लपवला आणि स्वतःचा दम याच्याजवळ ठेवला, आणि दोन्ही गोष्टी झाकल्या एकाच कोटाखाली. तिला कारकून केलं ते काय चुकून? एका दिवसात यंत्र बसलं असतं याच्या कानात. मग उजवीकडे बसणाऱ्याची गरज उरली नसती.

"एक विचारू?" तो म्हणाला. आवाज खाली आणायचा प्रयत्न करत होता, पण तो खोलीभर झाला. "शेवटच्या शुक्रवारी ते उशिरा आले. जिने चढताना थांबले असतील. माझी उजवी बाजू भरली होती, ते डावीकडे घुसले. नमाज संपल्यावर त्यांचे ओठ हलत होते. मला वाटलं, दुवा करतायत. माणूस दुवा करत असताना मध्ये बोलू नये, म्हणून मी मान तुकवली आणि उठलो. दारापर्यंत गेल्यावर मागे बघितलं तर ते माझ्याकडेच बघत होते. तेव्हापासून डोक्यात किडा आहे, की ती दुवा होती, का ते माझ्याशी बोलत होते? तुला काही बोलले का घरी?"

"नाही," ती म्हणाली.

इतकं पटकन, इतकं मोठ्याने म्हणाली की त्याला ते ऐकू गेलं. त्याने मान डोलावली, आणि तिने हेडफोन पुन्हा त्याच्या कानावर बसवला.

त्या शुक्रवारी अब्बा घरी आले ते कोट न काढताच पलंगावर बसले होते. पाणी मागितलं, प्यायले नाहीत. मग भिंतीकडे बघत म्हणाले, "मी आज मान वाकवली. त्याला म्हटलं, बहिऱ्या, पुरे झालं. मिटवू. हूं नाही की चूं नाही. मान हलवून निघून गेला." तिने विचारलं होतं, "प्रतिवादी?" ते "हं" म्हणाले आणि आडवे झाले. त्यानंतरचा शुक्रवार त्यांनी पाहिला नाही. अब्बांनी आयुष्यात एकदा मान वाकवली आणि हा माणूस तिच्यावर पाय देऊन चालता झाला, हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं. ते तिचं एकटीचं होतं, गरम निखाऱ्यासारखं, आणि त्याच्यावरच ती इतके दिवस शेकत आली होती. वकील म्हणाले होते की वादीच्या जागी मशिदीच्या जमातीतलं कुणी उभं राहिलं तर खटला चालेल, नाही तर माणसाबरोबर खटलाही मातीत. तिचं नाव जमातीच्या मतदारांत नव्हतं, बायकांची नसतातच. पण चुलतभाऊ तयार होता. "तू म्हणशील तर उभा राहतो, आपा. लढायचं ना?" तिने उद्या सकाळी सही करायला ये म्हणून सांगितलं होतं. खटला चालला तर दर तारखेला शिपाई अब्बांचं नाव पुकारणार. पुढे 'मयत' लागेल, पण पुकारलं जाईल.

आणि बहिऱ्या ही शिवी आहे असंच तिला वाटलं होतं. उत्तर न देणाऱ्या माणसाला रागाने घातलेली. आता आलेख समोर होता. या माणसाचा कान गेलाय हे घराबाहेर ज्या एकट्याला माहीत होतं, तोच त्याला या नावाने हाक मारू शकत होता, आणि ज्याला मारली तो सोडून ती कुणाला कळणार नव्हती. ते नाव होतं. लाडाचं. तिला अब्बा हजेरी घेतल्यासारखे पूर्ण नावाने बोलवत, आजारपणातसुद्धा. तिने खूप आठवून पाहिलं. दुसरं काही सापडलं नाही. आणि इतकी वर्षं उजवीकडे बसून बसून अब्बा विसरूनच गेले होते, की या माणसाला एक डावी बाजूही आहे.

आता शब्दांची तपासणी होती. ती माइकमधून एकेक शब्द म्हणणार, त्याने तो आपल्या समोरच्या माइकमध्ये परत म्हणायचा. बरोबर आला तर खूण, चुकला किंवा आलाच नाही तर फुली. तक्ता तिला पाठ होता.

"पाणी."

"पाणी," तो ओरडला.

"खिडकी."

"खिडकी."

"चाक."

"चाळ."

तिने फुली मारली. "मीठ." "मीठ." "रस्ता." "रस्ता." त्याचा चेहरा उजळला होता. शाबासकी मिळतेय असं त्याला वाटत असावं. काचेतून ती त्याच्याकडे बघत होती आणि तक्त्यावरचा पुढचा शब्द तिच्या तोंडात येऊन थांबला होता. त्याऐवजी दुसराच बाहेर पडला.

"पुरे."

"पुरे," तो म्हणाला.

"झालं."

"झालं."

"मिटवू."

"मिटवू," त्याच उत्साहाने, आणि पुढच्या शब्दाची वाट बघत बसला.

तिने श्वास सोडला. अब्बांचा निरोप पोचला होता, बिनचूक, तीन खुणांसकट, आणि त्याला पत्ता नव्हता. इथे थांबता येत होतं. तो घरी जाऊन सुनेला सांगेल, सोपे शब्द होते. त्याच्या कानात यंत्र येईल, कोर्टात त्याला सगळं ऐकू येईल, आणि समोरच्या बाकावर चुलतभाऊ असेल. तिचा निखारा तिच्याकडे राहील. चौथा शब्द म्हटला की तोही गेला, खटलाही गेला, दर तारखेची ती हाकही गेली. तिला हे सगळं अगदी स्वच्छ दिसत होतं. तो शब्द तिचा नव्हता, हेही दिसत होतं. आयुष्यभर अब्बांनी तो तिला कधी हाताळू दिला नव्हता, आणि एकदाच, पाणी न पिता, भिंतीकडे बघत, तिच्यासमोर टाकला होता. तिने आवाजाचं बटण वर नेलं नाही. उलट स्वतःचा आवाज खाली उतरवला, ओठ जवळजवळ न हलवता, समोर बघत.

"बहिऱ्या."

तो शब्द त्याने परत म्हटला नाही. तोंड उघडलेलं होतं, हात गुडघ्यांवर. मग त्याने मान वळवली, सावकाश, डावीकडे, जिकडे स्पंजच्या भिंतीशिवाय काही नव्हतं, आणि तो तिकडेच बघत राहिला. काचेतून काही ऐकू येत नसतं, तरी त्याचे खांदे हलू लागले तेव्हा तिने त्याच्याकडचा माइक बंद केला.

ठरल्याप्रमाणे ती उत्तरासाठी थांबली, नेहमीपेक्षा थोडी जास्तच. मग तक्त्याच्या खाली, छापील शब्द संपतात तिथे, तिने तो हाताने लिहिला. पेशंटने परत न म्हटलेला शब्द ऐकू आला नाही असं धरायचं असतं. तिने त्यापुढे फुली मारली.